सव्वाशे ग्रॅम पाव आणि चार खंड

नेव्हस्की प्रॉस्पेक्ट हा सेंट पीटर्सबर्गचा राजरस्ता. साडेचार किलोमीटर लांब, आणि रुंद इतका की पलीकडच्या फुटपाथवरून चाललेल्या ओळखीच्या माणसाला हाक मारायची तर गळा संगीत नाटकातल्या नटाचाच हवा. दोन्ही बाजूंना राजवाडे, चर्चे, पुस्तकांची आणि केकांची दुकाने. २०१९ सालच्या जून महिन्यात आम्ही नवराबायको तिथे आठ दिवस होतो. रात्री अकरा वाजता लख्ख उजेड! झोपावे कधी आणि उठावे कधी, काही कळेना. दुसऱ्याच दिवशी आमच्या हिने जाहीर करून टाकले की या गावात एकादशी कधी सोडायची हे पंचांगकर्त्यालासुद्धा सांगता यायचे नाही.

या रस्त्यावर १४ नंबरच्या इमारतीच्या भिंतीवर निळा चौकोन रंगवलेला आहे, त्यावर पांढरी अक्षरे. आमच्या मार्गदर्शक बाईंनी अर्थ सांगितला. तोफांचा मारा चालू असेल तेव्हा रस्त्याची ही बाजू जास्त धोक्याची, असा तो नागरिकांना इशारा आहे. जर्मन तोफा शहराच्या दक्षिणेला होत्या; त्यामुळे गोळे यायचे ते रस्त्याच्या उत्तर बाजूच्या इमारतींच्या तोंडावर. मूळ इशारा युद्धातला. आज दिसतो तो आठवण म्हणून १९६२ साली पुन्हा रंगवलेला. खाली कुणीतरी फुले ठेवली होती. आमची ही नकळत दोन पावले बाजूला सरकली. बाई हसून म्हणाल्या, "बहनजी, घाबरू नका. आता या बाजूला फक्त आइस्क्रीम महाग मिळतं."

या बाई साठी उलटलेल्या. सोव्हिएत काळात लेनिनग्राडच्या विद्यापीठात हिंदी शिकलेल्या. बोलणे थोडे पुस्तकी, पण शुद्ध. मला त्या 'भाईसाहब' म्हणत आणि माझे मुंबईचे हिंदी ऐकले की कपाळाला बारीकशी आठी घालत. शहराला त्याचे जुने नाव १९९१ साली परत मिळाले, तरी बाईंच्या तोंडी अजून लेनिनग्राडच. त्यांची आई आणि आजी वेढ्यातून वाचलेल्या. तेव्हा त्यांना काय विचारावे आणि काय विचारू नये, याचा मी पहिले दोन दिवस अंदाज घेत होतो. मग त्यांनीच बोलायला सुरुवात केली.

८ सप्टेंबर १९४१ रोजी शहराचा जमिनीवरून बाहेर जाण्याचा शेवटचा रस्ता तुटला, आणि वेढा पुरता उठला तो २७ जानेवारी १९४४ रोजी. एकूण ८७२ दिवस. शहर लढून घेण्यापेक्षा उपासमारीने मारावे, हा हिटलरचा बेत. अन्न यायचे ते लाडोगा सरोवरावरून. उन्हाळ्यात होड्यांनी आणि हिवाळ्यात गोठलेल्या बर्फावरून लॉऱ्यांनी. २० नोव्हेंबर ते २५ डिसेंबर १९४१ या काळात कामगाराला दिवसाला अडीचशे ग्रॅम पाव मिळे. कारकून, म्हातारी माणसे आणि मुले यांना सव्वाशे ग्रॅम. आपल्याकडच्या पावाच्या चार-पाच कापा म्हणा. तोही निव्वळ पिठाचा नव्हे. त्यात सरकीची पेंड असे, जी आपण गाईम्हशींपुढे टाकतो, आणि लाकडापासून केलेला लगदाही असे. बाहेर थंडी उणे तीसपर्यंत. वीज नाही, नळाला पाणी नाही, ट्रॅम जागच्या जागी गोठलेल्या. मेलेल्यांचे आकडे निरनिराळे देतात. सहा लाखांच्या खाली कुणी सांगत नाही आणि काही हिशेब दहा लाखांपर्यंत जातात. पिस्कार्योव्स्कोये या एकाच दफनभूमीत सुमारे चार लाख नव्वद हजार माणसे पुरलेली आहेत. तिथे आम्ही गेलो. त्याबद्दल मी काही लिहीत नाही.

मला लिहायचे आहे ते वेगळ्याच गोष्टीबद्दल. अशा दिवसांत या गावातली माणसे वाचत होती. आणि काय वाचत होती? तर जगातली एक जाडीच्या जाडी कादंबरी. त्यानंतरच्या उन्हाळ्यात त्यांनी ऐकली ती पाऊण तासाची गाण्यांची मैफल नव्हे, तर सव्वा तासाहून लांबलेली, ऐकायला अवघड अशी एक सिंफनी. आपण घरात थोडे आजारपण आले की म्हणतो, "आता काहीतरी हलकंफुलकं द्या वाचायला." मीही म्हणत असे. म्हणूनच हे कोडे माझ्या डोक्यातून जाईना.

नेव्हस्कीवरच, सादोवाया रस्त्याच्या कोपऱ्यावर, रशियाचे राष्ट्रीय ग्रंथालय आहे. त्याचे दार वाचकांना पहिल्यांदा उघडले १८१४ साली. ते वेढ्यातही बंद झाले नाही. हिवाळ्यात मोठमोठी दालने गोठली, दिवे गेले, तेव्हा वाचक एका लहानशा खोलीत बसू लागले. ओव्हरकोट, हातमोजे घालून. दौतीतली शाई गोठायची. शंभराहून अधिक कर्मचारी या काळात दगावले. तरीही उरलेले लोक स्लेजवर पोती घालून शहरभर हिंडत आणि ओस पडलेल्या घरांतले ग्रंथसंग्रह वाचवून आणत. ग्रंथालयाकडे प्रश्न यायचे तेही पाहण्यासारखे. आगकाड्या घरी कशा कराव्या? मेणबत्तीला मेण नसेल तर काय वापरावे? कोणती रानटी पाने खाल्ली तर चालतात? ग्रंथपाल जुनी पुस्तके धुंडाळून उत्तरे काढून देत. पुस्तकाचा याहून रोकडा उपयोग मला तरी माहीत नाही. आत जायला वाचकाचे कार्ड लागते, म्हणून आम्ही दारापाशीच उभे राहिलो. कॉलेजातली मुले जिना चढून आत चालली होती. एकजण दार ढकलताना सँडविच खात होता.

पण पाने कोणती खावीत हे विचारून झाल्यावर लोक आणखी काही मागत. लिडिया गिंझबुर्ग नावाच्या विदुषी वेढ्यात लेनिनग्राड रेडिओवर संपादनाचे काम करीत होत्या. त्या दिवसांवर त्यांनी जे लिहिले ते छापून आले थेट १९८४ साली. त्याच्या सुरुवातीलाच त्या सांगतात की युद्धाच्या काळात लोक टॉलस्टॉयची 'युद्ध आणि शांती' अधाशासारखी वाचत. कशासाठी? करमणुकीसाठी नव्हे. टॉलस्टॉयने भीती, धैर्य, मरण यांचे जे सांगितले ते खरेच असणार, याविषयी कुणाला शंका नव्हती. शंका होती ती स्वतःविषयी. आपल्याला वाटते आहे ते माणसासारखे आहे ना, हे लोक त्या पुस्तकाशी ताडून पाहत. सोनार कसोटीच्या दगडावर सोने घासतो ना, तसे. फरक एवढाच की इथे घासले जाणारे सोने म्हणजे वाचणारा स्वतः.

हे मी बाईंना सांगितले, तेव्हा त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "आमच्या घरी तो संच आहे. चारांतला तिसरा खंड नाही."

त्यांची आजी शाळेत शिक्षिका होती. त्या हिवाळ्यात घरोघर लोखंडी पत्र्याच्या छोट्या शेगड्या असत. जे मिळेल ते त्यात जाळायचे. आजीने आधी कपाट जाळले, मग खुर्च्या, मग मासिकांचे बांधीव अंक, मग आजोबांची इंजिनिअरिंगची पुस्तके. टॉलस्टॉयचे चार खंड फळीवर राहिले. ते आजी रोज संध्याकाळी दिव्याच्या वातीपाशी दहा-बारा पाने मुलीला वाचून दाखवी. त्याहून जास्त वाचायला आवाज पुरत नसे. तिसरा खंड वाचून झाल्यावर शेजारच्या बाईंनी मागून नेला. फेब्रुवारीत त्या शेजारीणबाई गेल्या, खोलीला सील लागले आणि खंड आतच राहिला. "नंतर नवा घेतला नाही?" हिने विचारले. बाईंना प्रश्नच कळला नसावा असे वाटले. "त्या परत करणार होत्या," त्या म्हणाल्या.

आता संगीताकडे. नेव्हस्कीवरून मिखाइलोव्स्काया रस्त्याला वळले की फिलहार्मोनियाचे मोठे सभागृह लागते. एकेकाळी ते सरदार-दरकदारांच्या सभेचे दालन होते. पांढरेशुभ्र खांब, वर प्रचंड झुंबरे. संस्थेला आज नाव आहे दमित्री शोस्ताकोविच याचे. हा गावचाच मुलगा, जन्म १९०६ चा. वेढा पडला तेव्हा तो इथल्या संगीत महाविद्यालयात शिकवीत होता आणि रात्री छपरावर आगी विझवण्याच्या पथकात होता. त्याने सातवी सिंफनी इथे लिहायला घेतली. ऑक्टोबर १९४१ मध्ये सरकारने त्याला विमानाने बाहेर काढले. डिसेंबरअखेर कुइबिशेव्ह, म्हणजे आजचे समारा, या गावी ती पूर्ण झाली आणि ५ मार्च १९४२ रोजी तिथेच प्रथम वाजली. स्वरलिपीची फिल्म तेहरान, कैरो अशी मजल दरमजल करीत अमेरिकेला गेली. जुलैमध्ये तोस्कानिनीने ती न्यूयॉर्कच्या रेडिओवर वाजवली. सगळ्या जगाने ऐकली. ऐकायची राहिली ती ज्या गावाला अर्पण केली होती त्याने.

लेनिनग्राडात वाद्यवृंद उरला होता एक, रेडिओचा. संचालक कार्ल एलियासबर्ग. तालमींना पुन्हा सुरुवात झाली मार्च १९४२ मध्ये. पहिल्या दिवशी पंधराच्या आसपास माणसे वाजवण्याच्या स्थितीत होती, आणि सातव्या सिंफनीला लागतात शंभराच्या घरात! ट्रंपेटवाल्यांना दम पुरेना. पहिली तालीम पाव तासात आटोपली. मग रेडिओवरून वादकांना हाक घातली गेली, आघाडीवरच्या बँडमधून सैनिक बोलावले गेले. वादकांना थोडा जास्तीचा शिधा मिळू लागला. काहीजण त्या गरम सुपासाठीच आले असतील. मला त्यात काही उणे वाटत नाही. आपल्याकडेही रियाजापूर्वी गुरूच्या घरी जेवणारे शिष्य कमी नव्हते. असे सांगतात की तालमीला उशिरा येणाऱ्याचा शिधा एलियासबर्ग कापीत असे. हे मात्र वाचताना माझ्या अंगावर काटा आला. पण त्याने तसे केले नसते तर तो कार्यक्रम झाला असता का, याचे उत्तर घरबसल्या आरामखुर्चीत बसून देणे सोपे नाही.

९ ऑगस्ट १९४२. सेंट आयझॅकच्या भव्य देवळासमोरच्या चौकात त्या उन्हाळ्यात कोबी लावलेला होता. संध्याकाळी जर्मन तोफांनी कार्यक्रमात विघ्न आणू नये म्हणून जनरल गोवोरोव्हच्या तोफखान्याने आधीच त्यांच्यावर मारा करून त्यांना गप्प केले. सभागृह भरले. लोक ठेवणीतले कपडे घालून आले होते, आणि ते कपडे त्यांच्या अंगावर खुंटीवर टांगल्यासारखे लोंबत होते. चौकाचौकातल्या कर्ण्यांवरून कार्यक्रम शहरभर ऐकवला गेला. आघाडीवरून जर्मनांच्याही कानी घातला गेला. संपल्यावर एका लहान मुलीने संचालकाला फुलांचा गुच्छ दिला. त्याच दिवशी आस्टोरिया हॉटेलात विजयाची मेजवानी झोडण्याचा हिटलरचा बेत होता, अशी एक कथा गावात सगळे सांगतात. ती मला फार सोयीची वाटते. तिच्यावाचून काही अडतही नाही.

आम्ही होतो त्या आठवड्यात सातवी कुठे वाजत नव्हती. मी ती हॉटेलच्या खोलीत कानाला यंत्र लावून ऐकली. अभंग, नाट्यगीते आणि फार तर रात्रीच्या मैफलीतला मालकंस, यांवर वाढलेला हा कान! पहिल्या वेळी अर्ध्यावर डुलकी लागली, हे सांगायला हरकत नाही. पहिल्या भागात एक क्षुल्लक, जवळजवळ बालिश सूर येतो. खाली एक ताशा. आपला ताशाच तो, बारीक आवाजात धरलेला. तोच सूर पुन्हा, पुन्हा, दर वेळी एकेक वाद्य वाढत. दहाबारा आवर्तने होईतो तो गल्लीतल्या पोरासारखा सूर राक्षस होऊन छातीवर बसतो. हंगेरीचा थोर संगीतकार बार्टोक याला हा प्रकार इतका हास्यास्पद वाटला की त्याने १९४३ साली आपल्या एका रचनेत त्याची टर उडवली. बार्टोक संगीतातला अधिकारी, मी कोण? पण तो सूर असा हळूहळू मोठा होताना ऐकला आणि मला वाटले, भीती येते ती अशीच. आधी ओळखीच्या तोंडाने.

त्यात नुसता हिटलर आहे की आणखी कुणी, याविषयी पंडितांत वाद आहे. १९३६ साली 'प्राव्दा'ने शोस्ताकोविचच्या ऑपेरावर आग पाखडली होती, आणि त्या वर्षांत पहाटे दारावर थाप पडली की माणूस नाहीसा होई. तेव्हा भ्यायला तो जर्मनांपाशी शिकला नव्हता. युद्धात त्याच सरकारने त्याच्या सिंफनीचा झेंडा केला आणि १९४८ साली त्याला पुन्हा दटावले. सिंफनीचा झेंडा अजूनही होतो. आणि ज्या देशाच्या लेनिनग्राडने हा वेढा सोसला, त्याच देशाच्या सैन्याने २०२२ साली युक्रेनमधल्या मारियुपोलला वेढा घातला. त्यानंतरच्या नव्या वर्षाला बाईंचे शुभेच्छापत्र आले. त्यात त्यांनी हवामानाविषयी लिहिले होते.

आम्ही परत आलो आणि वर्ष पुरे होण्याआधी, २०२० च्या एप्रिलात, आमच्या इमारतीचे फाटक पत्र्यांनी बंद झाले. वरच्या मजल्यावरचे आजोबा रुग्णवाहिकेतून गेले ते परत आले नाहीत. लेनिनग्राडशी त्याची तुलना करण्याइतका मी उथळ नाही. आम्हाला दूध मिळत होते, भाजी मिळत होती. पण रात्री दूरवर भोंगा वाजला की दोघेही जागे आहोत हे दोघांनाही कळे. विनोदी पुस्तके काढून पाहिली. चार ओळी वाचाव्या आणि पाचवीत मन घसरावे. हलके पुस्तक आपल्याकडून फार थोडे मागते, आणि जे मागून उरते तेवढे सगळे काळजीच्या वाट्याला जाते. शेवटी ही म्हणाली, "तो बाईंचा चार खंडांचा काढा. नाहीतरी वेळ आहे."

मी इंग्रजीतून वाचायचो आणि तिला मराठीत सांगायचो, कीर्तनकाराच्या थाटात. रशियन नावे म्हणजे एक संकट! एकाच माणसाची तीन-तीन नावे. तेव्हा हिने कालनिर्णयच्या जुन्या पानामागे सगळ्या घराण्यांची वंशावळ काढून स्वयंपाकघरात टांगली. पिअर झाला 'पिअरराव', आणि म्हाताऱ्या सेनापती कुतुझोव्हवर तिचा इतका जीव जडला की त्याच्याविरुद्ध मी बोललेले चालेना. बोरोदिनोच्या लढाईत पिअरराव पांढरी हॅट घालून तोफांच्या मध्येच हिंडतो, तिथे ती म्हणाली, "काय वेंधळा माणूस! पण आपणही असेच हिंडलो असतो." त्या रात्री भोंगा दोनदा वाजला असे सकाळी शेजाऱ्यांनी सांगितले. आम्ही ऐकला नव्हता. पुस्तक संपायला दसरा उजाडला. लेनिनग्राडच्या लोकांनी ते का वाचले हे मला तेव्हा थोडेफार उमगले, पण बाईंच्या आजीने आवाज पुरेल तेवढीच पाने वाचली, त्याच्यापुढे आमच्या वाचनाची मी काय मिजास सांगू?

पीटर्सबर्गमधल्या मुक्कामाचा शेवटचा दिवस सांगायचा राहिला. बाई म्हणाल्या, "तुम्हाला तुमचंच काही दाखवते." फिनलंड स्टेशनवरून लोकल धरून तासाभरात आम्ही कोमारोव्हो या गावी उतरलो. पाइन वृक्षांचे जंगल, पायाखाली मऊ सुया, डास मात्र आपल्या खाडीतल्यासारखे. तिथे एक छोटी दफनभूमी आहे. लोक येतात ते कवयित्री आख्मातोवा हिच्या समाधीसाठी. बाई आम्हाला दुसऱ्याच एका थडग्यापाशी घेऊन गेल्या.

या शहराचे संस्कृताशी नाते जुने. १८५५ ते १८७५ या वीस वर्षांत इथल्या अकादमीने बोटलिंक आणि रोट यांचा सात खंडांचा संस्कृत-जर्मन कोश छापला. पुण्यातले जुने शास्त्री-पंडित त्याला 'पीटर्सबर्ग कोश' म्हणूनच ओळखत. श्चेरबात्स्कोय या बौद्ध तर्कशास्त्राच्या महापंडिताची कर्मभूमीही हीच. वेढ्याच्या वेळी अकादमीच्या वयस्क विद्वानांना कझाकस्तानात बोरोवोये इथे हलवले होते. श्चेरबात्स्कोय तिथेच मार्च १९४२ मध्ये वारले. त्यांच्याबरोबर तिथे होते अलेक्सेई बारान्निकोव्ह, आणि त्यांच्या टेबलावर होते तुळसीदासांचे 'रामचरितमानस'. मागे राहिलेले शहर उपाशी, युद्ध कुठल्या थराला जाईल ठाऊक नाही, आणि हा माणूस अवधीतल्या चौपाया रशियनमध्ये उतरवीत बसलेला. १९४८ साली तो अनुवाद प्रसिद्ध झाला. १९५२ साली बारान्निकोव्ह गेले.

दगडावर रशियन अक्षरांखाली देवनागरी अक्षरे होती. तुळसीदासांची एक ओळ. घरापासून इतक्या लांब, जंगलात, ती अक्षरे वाचताना मला क्षणभर कळेचना की मी ती वाचतो आहे. डोळ्यांना श्रमच पडले नाहीत. मी मोठ्याने वाचली. बाईंनी माझा एक उच्चार दुरुस्त केला. मग हिच्याकडे वळून म्हणाल्या, "बहनजी, आम्ही हे विद्यापीठात फक्त वाचलं. हे म्हणतात कसं?"

हिने पदर सावरला, डास हाकलला आणि लहानपणी इंदूरला आजोळी ऐकलेल्या चालीवर ती ओळ म्हणून दाखवली. बाईंनी पुन्हा म्हणायला सांगितली. तिसऱ्या वेळी त्याही बरोबरीने म्हणू लागल्या. परतीची लोकल सुटायला पंचवीस मिनिटे उरली होती.